साडेचारचा फोन

अपर्णा रामटेकेला फोन ठेवता येत नाही. हाताला काही झालेलं नाही, हात चांगले ठणठणीत आहेत. पण समोरचा माणूस आपणहून फोन कापत नाही तोवर ही बाई तो कानाला लावून उभी राहते. कर्ज घ्या म्हणून मागे लागणारी पोरगी असो, नाहीतर चुकीचा नंबर लावून वर भांडणारा भाटापाऱ्याचा कोणी धानवाला असो, ती ऐकत राहते आणि मधूनमधून "जी सर, जी" म्हणते. तिकडे गॅसवर भाजी करपते. बारा वर्षं ती ज्या नोकरीत आहे, तिथं ऑपरेटरच्या पडद्यावर फोन कापायचं बटणच ठेवलेलं नाही. कापायचा हक्क फक्त ग्राहकाचा. हा नियम ऑफिसात सोडून यायला हवा होता, पण तो तिच्या मागोमाग घरात आला आणि मुक्कामालाच राहिला.

तिची आई विजयाबाई याच्या बरोबर उलट. वय त्र्याहत्तर, टेलिफोनच्या ट्रंक एक्स्चेंजवर चोवीस वर्षं काढलेली. त्या काळी परगावच्या फोनला तीन मिनिटं मिळायची. तीन मिनिटं झाली की ऑपरेटर मध्ये तोंड घालून सांगायची, वेळ संपली. कोणी वाढवून मागितली नाही तर बोर्डावरची पिन उपसायची, की तिकडचा आवाज गेला. विजयाबाईंनी आयुष्यात इतक्या लोकांचं बोलणं अर्धवट तोडलं की आता त्यांना तीन मिनिटांपलीकडे कोणाचंच ऐकवत नाही. गोंदियाची सख्खी बहीण नवरा गेल्याचं सांगून फोनवर रडत होती, तेव्हासुद्धा त्यांनी भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं, "बरं, उद्या येतो मी" म्हटलं आणि फोन ठेवला. दुसऱ्या दिवशी गेल्याही. पण बहीण ते अजून बोलून दाखवते, आणि तिचं चूक आहे असं कोणी म्हणणार नाही.

रायपूरच्या पुरानी बस्तीतल्या एका बोळात, दोन खोल्यांत, या दोघी राहतात. सोबत अपर्णाचा नवरा आणि कॉलेजात जाणारी मुलगी साक्षी. नवरा शहराबाहेर उरला औद्योगिक वसाहतीतल्या कारखान्यांत ठेक्यावर जातो, काम निघालं तर. दर महिन्याला नेमानं घरात येतो तो एकट्या अपर्णाचा पगार. हे आधीच सांगून ठेवलेलं बरं, कारण पुढं ती जे काही ऐकून घेते ते कळल्यावर "मग सोडून का नाही दिली नोकरी" असं विचारणारे शहाणे पुष्कळ भेटतात.

नोकरी तेलीबांध्याला, तलावासमोरच्या एका काचेच्या इमारतीत, पाचव्या मजल्यावर. घराघरांत इंटरनेट आणि टीव्हीचे चॅनल पुरवणाऱ्या एका कंपनीच्या तक्रारी इथं ऐकतात. तलाव समोर असून दिसत नाही. पडद्यांवर उजेड पडतो म्हणून खिडक्या बारा महिने झाकलेल्या असतात. पहिल्याच दिवशी तिथं तिचं नाव काढून घेतलं. ग्राहकाच्या लक्षात राहायला सोपं पडावं म्हणून अपर्णाची पूजा झाली, आणि आडनाव तर सांगायचंच नाही अशी ताकीद मिळाली. का, ते कोणी बोललं नाही. तिनंही विचारलं नाही, कारण रामटेके हे आडनाव ऐकून लोकांच्या आवाजात काय बदलतं ते तिला शाळेपासून ठाऊक होतं. मग तिची बोली काढून घेतली. हिंदीत मध्येच डोकावणारा नागपुरी हेल घासून घासून पुसला. तीन महिन्यांनी जी उरली ती पूजा, आणि पूजा कधी चिडत नाही.

चिडायची सोयच नाही. पडद्याच्या कोपऱ्यात एक पट्टी असते. ऑपरेटर गोड बोलली की हिरवी, आवाज सपाट झाला की पिवळी, चढला की लाल. दहा सेकंद कोणी बोललं नाही तर पट्टी लुकलुकायला लागते, कारण गप्प बसणं हा तिथं गुन्हा आहे. साडेतीन मिनिटांत फोन आटपला पाहिजे, पण आटपायला लावायचं ते ग्राहकाला, स्वतः कापायचा नाही. बाथरूमला जायचं तर पडद्यावरच्या यादीतून कारण निवडायचं आणि मग उठायचं. बेचाळीस वर्षांची बाई, एका पोरीची आई, ती बोटानं यादीत कारण शोधते. याची लाज त्या यंत्राला नाही आणि ते आणून बसवणाऱ्यांना तर नाहीच नाही.

लोकांना वाटतं, "आपका कॉल रिकॉर्ड किया जा रहा है" म्हणजे कोणीतरी ते बसून ऐकत असेल. कोणी ऐकत नाही. यंत्र आवाजाची उंची मोजतं, सेकंद मोजतं, "धन्यवाद" किती वेळा आलं ते मोजतं. फोन कापला की मिनिटाभरात ग्राहकाला यंत्राचाच फोन येतो: सेवेबद्दल एक ते पाचपैकी बटण दाबा. पाच दाबलं की ती फाइल कायमची बंद. एक दाबलं तर मात्र ते रेकॉर्डिंग इंदूरच्या मोठ्या ऑफिसात जातं आणि तिथं खरा, दोन कानांचा माणूस ते सुरुवातीपासून शेवटपर्यंत ऐकतो. ऐकतो तो ऑपरेटरची चूक शोधायला, हे वेगळं. सहा महिन्यांच्या करारात दोनदा "एक" लागला, की करार आपोआप संपतो, कोणाला सही करायचीही तसदी पडत नाही. अपर्णाला या करारात एकदा "एक" लागून गेला होता. क्रिकेटचा सामना ऐन रंगात असताना ज्याचा टीव्ही बंद पडला, अशा कोणा भल्या माणसानं तो दाबला होता. करार संपायला नऊ दिवस राहिले होते, आणि नवा करार मिळायचा तर हे नऊ दिवस कोरे जायला हवे होते.

घरी फोन वाजला की "जय भीम" म्हणून उचलायचा ही त्यांच्या घरची रीत. एका रविवारी अपर्णानं फोन उचलला आणि एका दमात म्हणाली, "नमस्कार, मैं पूजा बोल रही हूँ, बताइए, आपकी क्या सहायता कर सकती हूँ." पलीकडे गोंदियाची मावशी होती. तिनं चुकीचा नंबर समजून ठेवून दिला. साक्षी हसून हसून गादीवर लोळली. विजयाबाई हसल्या नाहीत. "बापानं ठेवलेलं नाव इकून आली पोट्टी," एवढंच म्हणाल्या आणि दोन दिवस लेकीशी बोलल्या नाहीत. साक्षीचंही हसू फार टिकलं नाही. तापात पडली असताना आईनं कपाळावर हात ठेवून विचारलं, "और कोई समस्या है?" तेव्हा पोरगी भिंतीकडे तोंड करून म्हणाली, "मम्मी, मेरे से कस्टमर जैसे बात मत करो."

आता त्या माणसाकडे येऊ.

ऑफिसात त्याला "साडेचारवाला" म्हणत. रोज दुपारी साडेचारच्या सुमाराला त्याचा फोन यायचा. आवाज उतारवयातला, मऊ, एखाद्या निवृत्त प्रोफेसरासारखा. सुरुवातीला अर्धं मिनिट एखाद्या चॅनलबद्दल विचारायचा. मग म्हणायचा, "आज आवाज़ थकी हुई लग रही है, पूजा जी. रात को नींद नहीं आई?" आणि तिथून पुढं सुरू व्हायचा. तो जे बोलायचा ते इथं लिहायचं नाही. एवढं सांगितलं तरी पुरे, की त्यात शिवी एकही नसायची आणि शिवी परवडली असं ऐकणारीला वाटायचं. आवाज कधी चढायचा नाही. मध्ये कधी थांबायचा नाही. सव्वातीन मिनिटं झाली की, "अच्छा बेटा, आपका ज़्यादा समय नहीं लूँगा," म्हणून स्वतःच फोन ठेवायचा. आणि मिनिटाभरानं पडद्यावर त्याचे पाच यायचे. यंत्राच्या हिशेबानं यापेक्षा चांगला ग्राहक अख्ख्या रायपुरात नव्हता.

पहिल्यांदा तो शेजारच्या खुर्चीवरच्या देवश्रीला लागला होता. देवश्री बावीस वर्षांची, नोकरीला लागून दोन महिने झालेले. तिनं चाळीस सेकंद ऐकलं आणि हेडसेट फेकून बाथरूममध्ये पळाली. यादीतून कारण निवडायचं राहून गेलं. त्या दिवसाचे तिचे सगळे गुण कापले गेले. मग तो अपर्णाला लागला. अपर्णाचा आवाज बारा वर्षांत असा काही तासून गुळगुळीत झाला होता की आतून अंगाचा तिळपापड होत असताना पट्टी हिरवीच्या हिरवी. यंत्रानं ते पाहिलं. कोणता ग्राहक कोणत्या ऑपरेटरपाशी खूश राहतो, हे बघून जोड्या लावायचं काम त्याच्याकडेच असतं. त्यानं ही जोडी जमवली. तेव्हापासून साडेचारवाला रोज अपर्णाच्याच कानात.

तिनं आधी टीम लीडरला सांगून पाहिलं. विशाल सव्वीस वर्षांचा पोरगा, घर मराठीच, पण मराठीत विचारलं की उत्तर हिंदीत येणार.

"भैया, तो माणूस घाण बोलते माह्याशी. रोज."

विशालनं लॅपटॉपवर बोट फिरवलं. "ये वाला? दीदी, तेईस कॉल, सब ग्रीन. सब में फाइव. ये तो आपका बेस्ट कस्टमर है."

"तू एक तर ऐक. एकच. मी खोटं काहून बोलीन?"

"फाइव वाली फाइल मेरे यहाँ से खुलती ही नहीं. ऑप्शन नहीं है."

"मग त्याचा फोन आला की तुह्याकडे देत जातो."

"मेरे पास ट्रांसफर करोगे तो मेरे नंबर कटेंगे, दीदी." त्यानं लॅपटॉप मिटला, आणि मग फार मोठी समजूत काढल्यासारखं म्हणाला, "बुज़ुर्ग आदमी है. थोड़ा एडजस्ट कर लो. नौ दिन की तो बात है."

दुष्ट नव्हता तो. दुष्ट असता तर निदान भांडता आलं असतं. त्याच्याही पडद्यावर कोपऱ्यात एक पट्टी होती आणि तो तिच्याकडेच बघत बोलत होता.

एक सोपा उपाय तिच्या डोक्यात येऊन गेला. आपण थोडं वाईट बोलावं, पट्टी पिवळी करावी, की यंत्र जोडी मोडेल. पण मग तो दुसऱ्या नंबरच्या ऑपरेटरकडे जाणार, आणि गेल्या आठवड्यापासून दुसऱ्या नंबरवर देवश्री होती. पोरीनं नोकरी टिकवायला इतकी मेहनत केली होती की तिचाही आवाज आता हिरवा निघायला लागला होता. अपर्णानं तो विचार सोडून दिला. देवश्रीवर तिचं फार प्रेम होतं असंही नाही. पण जे आपल्या कानात ओतलं जातं ते उचलून शेजारणीच्या कानात ओतायचं, एवढं काही तिच्याच्यानं झालं नसतं.

संध्याकाळी ती घरी आली तेव्हा विजयाबाई लसूण सोलत बसल्या होत्या. अपर्णा शेजारी बसली, एक गड्डा उचलला आणि काही ठरवलेलं नसताना बोलायला लागली. आईला सांगायची ही तिची पहिलीच वेळ. सांगताना तिचा आवाज गोडच येत होता, आणि त्या गोड आवाजात तो माणूस काय काय म्हणतो ते ऐकताना विजयाबाईंचे हात थांबले. तीन मिनिटं झाली. विजयाबाईंनी घड्याळाकडे पाहिलं आणि मान परत लेकीकडे वळवली. पाच झाली, दहा झाली. त्या उठल्या नाहीत.

"तुमच्या मागं कोन बसते ऐकाले?" शेवटी त्यांनी विचारलं.

"कोनी नाई. मशीन ऐकते."

"मशीन काय ऐकन! ते मोजते." विजयाबाईंनी लसणाची सालं झटकली. "आमची सुपरवायझर चेटकीन होती, चेटकीन. मागं उभी राहून कोनाच्याबी लाइनीत पिन घालून ऐके. आम्ही तिले रोज मरनाच्या शिव्या देत होतो. भिलाईचा एक ठेकेदार होता, तो असाच माह्याशी लगट करून बोलाले लागला. एक दिवस तिनं पिन घातली, ऐकलं, अन् लाइनीवरच त्याले म्हने, मिस्टर, अब आपको मैं सुन रही हूँ. बस. त्या दिवसापासून त्याचा आवाजच बसला. चेटकीन होती, पन तिले कान होते."

"मी कान कुठून आनू, आई?"

"ते तू पाह्य. तुह्या त्या मशीनमंदी कोनाले घुसवता येते का, ते तुलेच मालूम." आणि मग, सवयीनं, "आता जा, पोळ्या टाक," म्हणून त्यांनी बोलणं तोडलं.

दुसऱ्या दिवशी साडेचारला फोन आला तेव्हा अपर्णानं जे बारा वर्षांत केलं नव्हतं ते केलं. पडद्यावरचं नाव वाचलं. नाव तिथं रोजच होतं, बारीक अक्षरांत, पण बोलताना "सर" म्हणायचं असल्यावर नाव कोण वाचतं? कनेक्शन त्याच्या नावावर नव्हतंच. लिहिलं होतं: कौमुदी, पती दिवाकर, चौबे कॉलोनी. खाली बायकोचा मोबाइल नंबर. आणि तिच्या डोक्यात एकदम एक धूळ खात पडलेला नियम उभा राहिला. पॅक बदलायचं असेल आणि बोलणारा माणूस कनेक्शनचा मालक नसेल, तर मालकाला तिसऱ्या लाइनवर घेऊन त्याची परवानगी रेकॉर्ड करायची. मग शेवटचा एक-ते-पाचचा फोनही मालकालाच जातो. हा नियम कोणी पाळत नसे. वेळ फार जातो, गुण कटतात.

त्या दिवशी तिला तेवढं धाडस झालं नाही. त्याचं सव्वातीन मिनिटं ऐकलं. पाच आले. पण घरी जाताना ऑटोत ती तलावाकडे बघत बसली होती आणि तिचे ओठ हलत होते. नियमाची वाक्यं ती पाठ करत होती.

तिसऱ्या दिवशी बरोबर साडेचारला पट्टी पेटली.

"पूजा जी, वो मराठी चैनल दिख नहीं रहा."

"जी सर. वह दूसरे पैक में है. पैक बदल दूँ?"

"जो मर्ज़ी कर दो, बेटा," तो हसून म्हणाला. त्याला पॅकशी काय देणंघेणं!

"धन्यवाद सर. एक मिनट लाइन पर बने रहिए."

त्याच्या कानात कंपनीची धून सुरू झाली. अपर्णानं तिसरी लाइन लावली. नंबरावर दोनदा बोट ठेवावं लागलं. चौथ्या रिंगला एका बाईनं उचलला. मागं भांड्यांचा आवाज होता, दूध उतू जाऊ नये म्हणून ती गॅस बारीक करत असावी.

"नमस्कार मैडम. आपके कनेक्शन का पैक बदलने के लिए आपकी अनुमति चाहिए. आपके घर से ही फ़ोन आया है. मैं लाइन जोड़ रही हूँ, आप कृपया सुनिए."

"हाँ, हाँ. हमारे मिस्टर होंगे, गैलरी में बैठे हैं," बाई म्हणाल्या. "जोड़िए."

अपर्णानं जोडली. पडद्यावर दोनाच्या जागी तीन हिरवे ठिपके आले. नियमानं आता तिनं सांगायला हवं होतं की मॅडम लाइनवर आहेत. तेवढं एक वाक्य तिनं गिळलं. बारा वर्षांत तिनं खूप काही गिळलं होतं, त्यात हे एक.

"जी सर, कहिए."

आणि तो बोलायला लागला. तसाच मऊ, तसाच न थांबता. थकलेल्या आवाजावरून झोपेवर आला, झोपेवरून अंथरुणावर. रोज ती सवयीनं मध्ये मध्ये "जी" म्हणायची. आज तिनं "जी" म्हटलं नाही. त्याला त्याची गरजही नव्हती. पट्टी हिरवी होती, मिनिट झालं, दीड झालं. तिसऱ्या ठिपक्याकडून आवाज येत नव्हता. गॅस बंद केल्याचा खट्ट आवाज तेवढा आला. मग काहीच नाही, आणि तो बोलतोच आहे.

"अहो," तिसरा ठिपका म्हणाला.

एकच शब्द. तीस-चाळीस वर्षं ज्या शब्दानं बाईनं त्याला चहाला हाक मारली असेल, तोच शब्द, फक्त आता त्यात हाक नव्हती.

त्यानं फोन कापला. सव्वातीन मिनिटं व्हायला बराच अवकाश होता.

आता लाइनवर दोघीच उरल्या. पहिल्या दहा सेकंदांनी पट्टी लुकलुकायला लागली. वीस झाली, तीस झाली. पलीकडून कोणी श्वास घेत होतं. चार रांगा सोडून बसलेल्या विशालच्या पडद्यावर इशारा गेला असणार, कारण तो उठून उभा राहिला.

"बाई," कौमुदीबाईंचा आवाज आला. मराठीत आला. "आहात का तुम्ही?"

"आहे, काकू," अपर्णा म्हणाली. तिच्या तोंडून मराठी निघाली तशी पट्टी करडी पडली. ही भाषा यंत्राला मोजता येत नव्हती.

"मराठी आहात तुम्ही!" कौमुदीबाई म्हणाल्या. "किती दिवस झाले हे?"

"महिना होऊन गेला."

"रोज?"

"रोज."

"रोज गॅलरीत बसतात," त्या हळूहळू बोलू लागल्या, एकेक वस्तू हातात घेऊन बघावी तशा. "मी चहा टाकत असते. मग आत येतात आणि फोन माझ्या हातात देतात. म्हणतात, चष्मा सापडत नाही, तेवढं पाच दाब, मुलगी फार गुणी आहे. मला वाटायचं, बघा किती कौतुक करतात परक्या पोरीचं. मीच दाबत होते हो पाच. रोज मीच."

अपर्णाला त्या बाईचा राग यायला हवा होता. आलाही, क्षणभर चांगलाच आला. त्या पाचाच्या आकड्यांनीच तर तिचं तोंड बंद केलं होतं. पण पलीकडची बाई रडत नव्हती, सारवासारव करत नव्हती, नवऱ्याच्या वयाचं कारण पुढं करत नव्हती. राग आला तसाच गेला आणि उरली ती नुसती थकवा आल्यासारखी एक भावना.

"आता तो मशीनचा फोन येईल ना?" कौमुदीबाईंनी विचारलं. "एक ते पाच दाबा म्हणणारा?"

"येईन. या खेपेले तुमच्याच फोनवर येईन."

"काय दाबू?"

विशाल तोवर तिच्या खुर्चीमागे येऊन पोचला होता. मराठी त्याला नीट कळत होती. त्यानं तिच्या डोळ्यांपुढं हात धरला, पाची बोटं ताणून, आणि कुजबुजला, "फाइव, दीदी, फाइव. सात दिन बचे हैं." शेजारी देवश्रीनं आपल्या ग्राहकाला काय उत्तर द्यायचं ते सोडून मान इकडे वळवली होती, आणि तिचीही पट्टी लुकलुकत होती.

अपर्णानं त्या पाच बोटांकडे पाहिलं. नवा करार, साक्षीचं कॉलेज, आईच्या गोळ्या, सगळं त्या एका हातात मावत होतं.

"एक दाबा, काकू."

"एक म्हणजे वाईट ना? ते तुम्हालाच लागेल."

"मलेच लागन. नोकरी जाईन. पन पाच दाबलं तर हे कोनी ऐकत नाई, काकू. एक दाबलं तरच ऐकते."

मग कौमुदीबाईंनी फोन ठेवला.

विशाल हात खाली करायला विसरला. मिनिटभर तिघंही पडद्याकडे बघत राहिले. मग कोपऱ्यात लाल आकडा उमटला: एक. त्याखाली बारीक अक्षरांत ओळ आली, रेकॉर्डिंग पुढे पाठवले आहे.

"ये क्या किया, दीदी आपने?" विशाल म्हणाला. "अब मैं ऊपर क्या बोलूँ? बोलो ना. कुछ तो बोलो."

अपर्णाच्या कानात पुढचा ग्राहक येऊन तिच्या नमस्काराची वाट बघत होता. दहा सेकंद झाली, वीस झाली, पट्टी लुकलुकत राहिली, आणि अपर्णा गप्प बसून राहिली.